प्रार्थनास्थळाच्या परवानगीचा अर्ज: अर्जदाराने, शेजाऱ्याने आणि अधिकाऱ्याने काय पाहावे

सांगली-मिरज-कुपवाड महानगरपालिकेच्या हद्दीत किंवा साताऱ्याच्या वाढीव भागात एखाद्या मोकळ्या प्लॉटवर नियोजित मंदिराचा, मशिदीचा, विहाराचा किंवा प्रार्थना भवनाचा फलक लागला, की आठवडाभरात दोन कागद फिरू लागतात. एक असते वर्गणीचे पावतीपुस्तक आणि दुसरे असते हरकतीच्या सह्यांचे निवेदन. बांधकाम परवानगीचा अर्ज या दोहोंच्या बराच मागून येतो आणि तोवर दोन्ही बाजूंची मने कडू झालेली असतात. अशा प्रकरणांतील कागद तयार करून देण्याचे काम मी बरीच वर्षे केले आहे, विश्वस्तांसाठीही आणि हरकतदारांसाठीही. वाद जागेचा, रस्त्याचा, गर्दीचा आणि आवाजाचा असेपर्यंत तो टेबलावर बसून मिटवता येतो, परंतु तो कोणाच्या देवाचा आहे यावर गेला की कोणताही अधिकारी तो मिटवू शकत नाही, हे मी वारंवार पाहिले आहे. म्हणून पुढील सर्व सूचना वाद पहिल्या चार गोष्टींवरच राहावा अशा हेतूने लिहिल्या आहेत.

आधी ‘सार्वजनिक सुव्यवस्था’ या शब्दांचा अर्थ नीट समजून घ्यावा

राज्यघटनेचा अनुच्छेद २५ प्रत्येक व्यक्तीला आपला धर्म मुक्तपणे मानण्याचा, आचरण्याचा आणि त्याचा प्रसार करण्याचा हक्क देतो, तर अनुच्छेद २६ प्रत्येक धर्मसंप्रदायाला धार्मिक संस्था स्थापन करण्याचा, मालमत्ता मिळवण्याचा आणि तिचा कारभार कायद्यानुसार पाहण्याचा हक्क देतो. दोन्ही हक्क सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता आणि आरोग्य यांच्या अधीन आहेत. अर्जदार पहिले वाक्य वाचून थांबतो आणि हरकतदार दुसरे वाक्य तेवढे वाचतो, त्यामुळे दोघांनाही घटना आपल्याच बाजूची वाटते.

आपल्या सरकारी पत्रव्यवहारात ‘कायदा व सुव्यवस्था’ हे शब्द इतके रुळले आहेत की सार्वजनिक सुव्यवस्था म्हणजे तेच, असे धरून चालले जाते. सर्वोच्च न्यायालयाने १९६५ साली डॉ. राम मनोहर लोहिया यांच्या स्थानबद्धतेच्या प्रकरणात हा फरक स्पष्ट केला आहे. एकात एक अशी तीन वर्तुळे कल्पावीत: सर्वांत मोठे कायदा व सुव्यवस्थेचे, त्याच्या आत सार्वजनिक सुव्यवस्थेचे आणि सर्वांत आत राज्याच्या सुरक्षिततेचे. शेजाऱ्याच्या दारात मोटारसायकल लावल्यावरून झालेली बाचाबाची पहिल्या वर्तुळात येते. समाजाचा किंवा वस्तीचा सर्वसाधारण जीवनक्रमच विस्कळीत होईल असे काही घडले, तरच ते दुसऱ्या वर्तुळात जाते. एखाद्या प्रार्थनास्थळाची परवानगी ‘सार्वजनिक सुव्यवस्थे’साठी नाकारायची असेल, तर या दुसऱ्या वर्तुळातील धोका दाखवता आला पाहिजे आणि त्या धोक्याचा प्रस्तावित बांधकामाशी थेट संबंधही दाखवता आला पाहिजे.

आपल्या भागात या चर्चेत मिरजेचे २००९ साल हमखास निघते. त्या वर्षी गणेशोत्सवात एका स्वागत कमानीवरील चित्रावरून दंगल उसळली आणि तिचे लोण सांगली, कोल्हापूर आणि इचलकरंजीपर्यंत पोहोचले. साताऱ्याच्या बाजूला खटाव तालुक्यातील पुसेसावळीत सप्टेंबर २०२३ मध्ये समाजमाध्यमावरील मजकुरावरून हिंसाचार झाला, त्यात एकाचा जीव गेला. या दोन्ही घटना ज्यांनी जवळून अनुभवल्या त्यांची भीती खरी आहे आणि तिची खिल्ली कोणी उडवू नये. मात्र या दोन्ही घटनांचे मूळ कोणत्याही इमारतीच्या परवानगीत नव्हते. त्यामुळे ‘२००९ पुन्हा होईल’ एवढ्या एका वाक्यावर आज कुपवाडच्या एखाद्या प्लॉटचा अर्ज फेटाळणे मला कायद्याला धरून वाटत नाही.

आणखी एक प्रश्न नेहमी येतो. अर्जदार शांत आहे, पण ‘परवानगी दिलीत तर आम्ही रस्त्यावर उतरू’ असे दुसरा गट सांगतो आहे. अशा वेळी अर्ज नाकारावा काय? एका चित्रपटाच्या प्रदर्शनावरून उद्भवलेल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८९ साली सांगितले की निदर्शनांच्या किंवा हिंसाचाराच्या धमकीपुढे स्वातंत्र्य दडपणे म्हणजे कायद्याचे राज्यच नाकारणे होय. ते प्रकरण अभिव्यक्तीचे असले तरी त्यातील तर्क येथेही लागू पडतो, असे माझे मत आहे. धमकी देणाऱ्यावर प्रतिबंधक कारवाई करणे हे पोलिसांचे काम आहे आणि धमकीची किंमत अर्जदाराने मोजावी असे कायद्यात कोठेही लिहिलेले नाही.

जागा: निम्मे अर्ज येथेच अडतात

वर्गणी गोळा करण्यापूर्वी सातबारा किंवा मिळकत पत्रिका काढावी, झोन दाखला व भाग नकाशा घ्यावा आणि भूमी अभिलेख कार्यालयाकडून हद्द कायम मोजणी करून घ्यावी. सांगलीत गुंठेवारीचे, म्हणजे शेतजमिनीचे लहान तुकडे पाडून विकलेले, प्लॉट मोठ्या प्रमाणावर आहेत आणि त्यांतील कित्येक व्यवहार केवळ मुद्रांकावर झालेले आहेत. गुंठेवारी नियमित झाल्याचे प्रमाणपत्र नसेल तर त्या जागेवर सार्वजनिक वापराच्या इमारतीचा अर्जच करू नये. जागा भक्ताने तोंडी ‘दिली’ आहे, यावर तर मुळीच विसंबू नये. दाता गेल्यावर त्याचे वारस न्यायालयात जातात आणि अर्धवट भिंती वर्षानुवर्षे तशाच उभ्या राहतात.

वसाहतीच्या मंजूर रेखांकनातील (लेआउटमधील) खुली जागा हा सर्वाधिक वादाचा विषय आहे. ‘ही जागा आपल्या सर्वांचीच आहे, मग येथे देऊळ बांधायला काय हरकत आहे’ असा युक्तिवाद रहिवासी मनापासून करतात. परंतु खुली जागा खेळण्यासाठी, झाडांसाठी आणि हवा-उजेडासाठी राखलेली असते. तिच्यावर किती आणि कोणत्या वापराचे बांधकाम चालते, हे २०२० च्या एकीकृत विकास नियंत्रण व प्रोत्साहन नियमावलीत पाहावे आणि नगररचना विभागाकडून लेखी घ्यावे. रस्ता, पदपथ, उद्यान किंवा अन्य सार्वजनिक जागेवर कोणत्याही धर्माचे नवे अनधिकृत बांधकाम होऊ देऊ नये, असा सर्वोच्च न्यायालयाचा आदेश २९ सप्टेंबर २००९ पासून लागू आहे. गायरानाबाबतही हीच सावधगिरी हवी, कारण गावाच्या सामाईक जमिनींवरील अतिक्रमणे काढण्याबाबत त्याच न्यायालयाने २०११ साली सर्व राज्यांना निर्देश दिले आहेत.

कृष्णाकाठी पूररेषा पाहिल्याशिवाय पायाची कुदळ मारू नये. नकाशावर नेहमीच्या पुराची निळी आणि मोठ्या पुराची लाल अशा दोन रेषा असतात. नदीकाठ आणि निळी रेषा यांमधील पट्टा निषिद्ध असतो आणि निळ्या व लाल रेषेमधील पट्ट्यात अटींवरच बांधकाम होते. आयर्विन पुलाजवळची ४० फुटांची इशारा पातळी आणि ४५ फुटांची धोका पातळी सांगलीकरांना तोंडपाठ आहे, २००५, २०१९ आणि २०२१ चे पूरही सर्वांनी पाहिले आहेत. तरीही घाटाजवळच प्रार्थनास्थळ हवे असा आग्रह होतो. महाबळेश्वर-पाचगणी परिसर २००१ पासून पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र असल्याने तेथील अटी वेगळ्या आहेत.

अर्ज कोणाकडे आणि कसा करावा

महानगरपालिका क्षेत्रात नगररचना विभागाकडे, नगरपरिषद क्षेत्रात मुख्याधिकाऱ्यांकडे, गावठाणात महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ च्या कलम ५२ नुसार ग्रामपंचायतीकडे आणि गावठाणाबाहेर जिल्हाधिकारी कार्यालयाच्या यंत्रणेमार्फत अर्ज जातो. नकाशे परवानाधारक वास्तुविशारद किंवा अभियंत्याकडूनच करून घ्यावेत. संस्था सार्वजनिक न्यास म्हणून धर्मादाय कार्यालयात नोंदलेली असावी, आणि वक्फ मालमत्तेचा प्रश्न असेल तर वक्फ मंडळाकडील नोंदीची प्रत जोडावी. इमारतीचा वापर नकाशावर खरा लिहावा. ‘सांस्कृतिक सभागृह’ म्हणून परवानगी घेऊन तेथे नियमित पूजा-प्रार्थना सुरू करणे ही अत्यंत वाईट सवय आहे. वापरातील बदलालाही परवानगी लागते आणि पुढे कारवाई झाली तर श्रद्धेवर घाला आला असे म्हणण्याचा नैतिक आधार आपणच घालवलेला असतो.

अर्जासोबत सहसा कोणी जोडत नाही असे दोन कागद मी नेहमी जोडायला लावतो. पहिला गर्दीचा आराखडा आणि दुसरा आवाजाचा. गर्दीच्या आराखड्यात रोजची, आठवड्यातील ठरलेल्या दिवसाची आणि वर्षातील सर्वांत मोठ्या दिवसाची अपेक्षित उपस्थिती, वाहनांची सोय, चपलांची जागा, ये-जा करण्याची दारे आणि स्वयंसेवकांची संख्या लिहावी.

हा कागद किती उपयोगी पडतो, याचे एक उदाहरण देतो. मिरजेजवळच्या एका वसाहतीतील प्रस्तावाला तेथील रहिवाशांची हरकत होती. नकाशावर रस्ता ९ मीटरचा होता. संध्याकाळी सात वाजता आम्ही मोजपट्टी घेऊन तेथे गेलो, तेव्हा एका बाजूला विजेचा खांब आणि गटारीवर टाकलेल्या फरश्या होत्या, दुसऱ्या बाजूला ओळीने लावलेल्या मोटारसायकली होत्या, आणि मधे उरलेला रस्ता भरला ४ मीटर १० सेंटिमीटर. मोजपट्टीचे दुसरे टोक हरकतीवर पहिली सही करणाऱ्या आजोबांनीच धरले होते. त्यांच्या घरी आजारी माणूस होते आणि रुग्णवाहिका आत येईल का, एवढीच त्यांची चिंता होती. ती निवेदनात कोठेच लिहिलेली नव्हती. निवेदनात ‘परिसराचे वातावरण बिघडेल’ असे लिहिले होते. त्यानंतर विश्वस्तांनी मुख्य दार मागच्या बाजूच्या रुंद रस्त्यावर घेतले, चपलांचे कपाट आवारात आणले आणि संध्याकाळी बंद होणाऱ्या शेजारच्या लाकडाच्या वखारीच्या मालकाकडून वाहने लावण्याची लेखी संमती घेतली. सुधारित नकाशा दाखल झाला तेव्हा हरकत मागे घेणाऱ्यांत ते आजोबा होते.

प्रत्येक कागद बारनिशीत (कार्यालयाच्या आवक कक्षात) देऊन आवक क्रमांकासह पोच घ्यावी. महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम ४५ नुसार नियोजन प्राधिकरणाने ६० दिवसांत निर्णय कळवायचा असतो. न कळवल्यास परवानगी मानीव, म्हणजे मिळाल्यासारखीच, समजली जाते, परंतु ती तुमचा नकाशा नियमांत तंतोतंत बसत असेल तरच. केवळ दिवस मोजून बांधकाम सुरू करण्याचा सल्ला मी कोणालाही देत नाही. त्रुटी पत्र आले तर त्यातील प्रत्येक मुद्द्याला क्रमाने उत्तर द्यावे. नकार आला तर कलम ४७ नुसार ४० दिवसांत राज्य शासनाकडे अपील करता येते, म्हणून नकाराचे पत्र कोणत्या तारखेला मिळाले याची नोंद जपावी.

हरकत घ्यायची असेल तर

हरकत घेणे हा शेजाऱ्याचा पूर्ण अधिकार आहे आणि हरकतदाराला धर्मविरोधी ठरवणे चुकीचे आहे. मात्र हरकतीत मोजता येईल असे काहीतरी असावे. ‘या लोकांच्या येण्याने आमच्या मुलींना असुरक्षित वाटेल’ किंवा ‘येथे आमच्याच समाजाची वस्ती आहे’ असली वाक्ये लिहू नयेत. ती कायद्यापुढे टिकत नाहीत, आणि पूर्वग्रहाच्या शेजारी लिहिलेली खरी अडचणही अधिकाऱ्याला खोटी वाटू लागते. पुढीलप्रमाणे मजकूर पुरेसा आहे:

‘प्रस्तावित इमारतीसमोरील रस्ता मंजूर रेखांकनात ९ मीटर असून प्रत्यक्षात वाहतुकीस निम्म्याहून कमी उपलब्ध आहे. मोजमापाची छायाचित्रे तारीख व वेळेसह जोडली आहेत. १०० मीटरच्या आत शाळा आहे. अर्जदाराने वाहनतळ व ध्वनिनियंत्रणाची व्यवस्था स्पष्ट करावी आणि आम्हास सुनावणी द्यावी, ही विनंती.’

गावाकडे ग्रामसभेचा ठराव करून एखाद्या समाजाच्या प्रार्थनास्थळाला कायमची बंदी घालण्याचा प्रयत्न होतो. ग्रामसभेने रस्ता, पाणी, गायरान यांविषयी मत द्यावे आणि त्याला वजनही आहे. परंतु घटनेने दिलेला मूलभूत हक्क गावातील बहुमताने काढून घेता येत नाही, मग तो ठराव एकमताने झालेला असो.

आजूबाजूला आधीच पुरेशी प्रार्थनास्थळे आहेत, हा मुद्दा अलीकडे वाढला आहे. केरळ उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२२ मध्ये एका व्यापारी इमारतीचे मशिदीत रूपांतर करण्यास नकार देताना पाच किलोमीटरच्या परिसरात ३६ मशिदी असल्याची नोंद केली होती. तो निकाल त्या राज्यातील जातीय तणाव रोखण्यासंबंधीच्या मार्गदर्शक सूचनांच्या चौकटीत झालेला असल्याने तो येथे जसाच्या तसा लावू नये. गुडघे दुखणाऱ्या वृद्धेला दोन किलोमीटरही लांबच असतात. तरीही अर्जदाराने आपली गरज किती कुटुंबांची आहे आणि जवळचे स्थळ किती दूर आहे, हे आकड्यांनी मांडलेले चांगले.

पोलिसांचा अभिप्राय

प्राधिकरण अनेकदा पोलीस ठाण्याचा अभिप्राय मागवते. एका प्रकरणात एका कार्यालयाने ‘कायदा व सुव्यवस्थेचा प्रश्न निर्माण होण्याची शक्यता नाकारता येत नाही’ एवढ्या एका ओळीवर अर्ज निकाली काढला होता. माहितीच्या अधिकारात संचिका मागवली तेव्हा त्या ओळीमागे गुन्ह्याची नोंद, गोपनीय अहवाल, स्थळपाहणी यांपैकी काहीच नव्हते. सह्यांचे एक निवेदन तेवढे होते. त्या संस्थेची दोन वर्षे गेली, आणि या अन्यायाचे मला आजही वाईट वाटते. ज्या शक्यतेबद्दल कोणालाच काही सिद्ध करता येत नाही, तिच्या नावाखाली माणसाला त्याच्या प्रार्थनेच्या जागेपासून वंचित ठेवता कामा नये.

अभिप्राय लिहिणाऱ्या अधिकाऱ्याने म्हणून चार गोष्टी लिहाव्यात: पूर्वी नेमके काय घडले, त्याचा या जागेशी संबंध काय, अटी घालून धोका कमी होतो काय, आणि होत नसल्यास का. तात्पुरत्या तणावासाठी तात्पुरते उपाय कायद्यात आहेत. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ३७ खालील मनाई आदेश किंवा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६३ खालील आदेश वापरता येतो. यांतील दुसऱ्याची मुदत साधारणतः दोन महिन्यांची असते. दोन महिन्यांच्या तणावासाठी कायमचा नकार देणे मला प्रमाणाबाहेरचे वाटते. शांतता समितीची बैठक अर्जानंतर लगेच, म्हणजे बाजू पक्क्या होण्यापूर्वी घ्यावी. सांगली जिल्ह्यातच कडेगावला मोहरमचे उंच ताबूत हिंदू-मुस्लिम मिळून उचलतात आणि वाळवा तालुक्यातील गोटखिंडीत मशिदीत गणपती बसतो. गर्दी आणि श्रद्धा यांचा मेळ घालण्याची रीत येथील माणसांना ठाऊक आहे.

आवाज

ध्वनिप्रदूषण नियम, २००० नुसार निवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल, तर शांतता क्षेत्रात दिवसा ५० आणि रात्री ४० डेसिबल अशी मर्यादा आहे. रुग्णालये, शाळा-महाविद्यालये आणि न्यायालये यांच्याभोवतीचा किमान १०० मीटरचा परिसर राज्य शासन शांतता क्षेत्र म्हणून अधिसूचित करू शकते; २०१७ च्या दुरुस्तीनंतर अशी अधिसूचना असेल तरच तो शांतता क्षेत्र ठरतो. रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत उघड्यावर ध्वनिक्षेपक चालत नाही. सणांसाठी राज्य शासन वर्षातून जास्तीत जास्त १५ दिवस मध्यरात्रीपर्यंत सूट देऊ शकते. ध्वनिवर्धक लावून इतरांची शांतता भंग करा असे कोणताही धर्म सांगत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००० साली चेन्नईतील एका चर्चच्या प्रकरणात म्हटले आहे आणि मुंबई उच्च न्यायालयानेही जानेवारी २०२५ मध्ये ध्वनिक्षेपक हा धर्माचा अत्यावश्यक भाग नसल्याचे सांगितले आहे. अर्जातच ‘बाहेरच्या बाजूस कर्णा बसवणार नाही, आतील ध्वनिपेट्यांचा आवाज आवाराबाहेर मर्यादेत ठेवू’ असे हमीपत्र दिले, तर निम्म्या हरकती आपोआप गळतात. मात्र ही अट सर्वांना सारखीच लावली पाहिजे, कारण एका आवाजाला ती दाखवून दुसऱ्या आवाजाकडे दुर्लक्ष केले की त्यातूनच सुव्यवस्थेचा खरा प्रश्न उभा राहतो.

जुने अनधिकृत बांधकाम असेल तर

५ मे २०११ च्या शासन निर्णयानुसार अशा स्थळांची नियमित करण्याजोगी, हटवायची आणि स्थलांतरित करायची अशी वर्गवारी होते. आपले स्थळ कोणत्या वर्गात आहे हे वर्गवारी करणाऱ्या समितीकडून लेखी घ्यावे, जुने वीजबिल, घरपट्टी, उत्सवांची छायाचित्रे असा पुरावा मुदतीत द्यावा आणि स्थलांतराचा पर्याय मिळत असेल तर तो मोकळ्या मनाने विचारात घ्यावा. प्रतापगडाच्या पायथ्याशी अफजलखानाच्या कबरीभोवतीची वनजमिनीवरील अनधिकृत बांधकामे १० नोव्हेंबर २०२२ रोजी मोठ्या बंदोबस्तात काढण्यात आली. प्रश्न वर्षानुवर्षे लोंबकळत राहिला की शेवट असा बंदोबस्तातच होतो. सर्वोच्च न्यायालयाने १३ नोव्हेंबर २०२४ रोजी पाडकामापूर्वी १५ दिवसांची नोटीस आणि सुनावणी बंधनकारक केली आहे, परंतु रस्ता, पदपथ, नदी-जलाशय यांवरील बांधकामांना आणि न्यायालयाने पाडण्याचा आदेश दिलेल्या बांधकामांना हे संरक्षण नाही.

घरात कुटुंबासह किंवा चार पाहुण्यांसह केलेली प्रार्थना, आरती, नमाज किंवा वंदना यांसाठी बांधकाम परवानगीचा प्रश्न येत नाही. मात्र घराचा हॉल ठरलेल्या दिवशी बाहेरच्या लोकांसाठी नेहमी खुला राहू लागला, दारावर फलक लागला आणि वर्गणी सुरू झाली, की वापर बदलला असे समजून आधीच अर्ज करावा.

परवानगी हातात आल्यावर जोत्यापर्यंतचे काम झाल्याचा दाखला घ्यावा, मंजूर नकाशात परस्पर फरक करू नये आणि काम पूर्ण झाल्यावर भोगवटा प्रमाणपत्रासाठी, म्हणजे इमारत वापरण्याच्या दाखल्यासाठी, अर्ज करावा. प्राणप्रतिष्ठेचा मुहूर्त, पहिल्या नमाजचा दिवस किंवा उद्घाटनाच्या प्रार्थनेची तारीख ते प्रमाणपत्र मिळाल्यानंतरच पत्रिकेत छापावी, आणि पहिले आमंत्रण हरकतीवर सही केलेल्या घरी स्वतः जाऊन द्यावे.